चिक्कीतला पाहुणा

मंडळी, आजचा विषय जरा घरगुती आहे: शेंगदाण्याची चिक्की. इतिहासाच्या व्याख्यानात चिक्की कशाला, असं कुणी विचारेल. कारण साधं आहे. ‘आपलं पारंपरिक’ म्हणून जे पदार्थ आपण मिरवतो, त्यांचं वय आपण सहसा विचारत नाही. आज ते कढईपाशी उभं राहून विचारू या.

कृती बहुतेकांना ठाऊक आहे. शेंगदाणे खमंग भाजायचे, सालं पाखडायची, दाण्यांच्या पाकळ्या करायच्या. कढईत चमचाभर तूप आणि चिक्कीचा गूळ मंद आचेवर विरघळवायचा. पाक फसफसू लागला की एक थेंब गार पाण्यात टाकायचा. त्याची मऊ गोळी झाली तर पाक लाडवाचा. टक्कन मोडली तर चिक्कीचा. त्या वेळी पाक साधारण १५० अंश सेल्सिअसला असतो. त्यातलं जवळजवळ सगळं पाणी उडालेलं असतं, म्हणून चिक्की कुरकुरीत होते आणि टिकते. मग दाणे घालायचे, तूप लावलेल्या पाटावर झटपट लाटायचं आणि गरम असतानाच वड्या कापायच्या. उशीर केला की पाक कुणाचं ऐकत नाही.

आता यातलं जुनं काय? गूळ आणि पाक नक्कीच जुने. ‘शर्करा’ आणि ‘खंड’ हे आपल्याकडचे शब्द फिरत फिरत युरोपात गेले. इंग्रजीतले शुगर आणि कँडी त्यांचेच वंशज. तीळही जुने, जळालेले तीळ हडप्पाच्या उत्खननात सापडले आहेत. म्हणजे तीळगुळाचं साहित्य इथलंच.

पण शेंगदाणा? तो मूळचा दक्षिण अमेरिकेचा. पेरूमध्ये सिपान इथे १९८७ साली मोचे संस्कृतीतल्या एका अधिपतीची समाधी उघडली, तेव्हा त्यात सोन्याचांदीच्या शेंगांचा हार मिळाला. आपल्याकडे हे पीक आलं ते सोळाव्या शतकात युरोपीय जहाजं समुद्र ओलांडू लागल्यानंतर. त्याची साक्ष नावातच आहे. अनोळखी दाणा दिसला, तो जमिनीत लागतो असं कळलं, आणि ओळखीच्या मुगाचं नाव देऊन आपण त्याला घरात घेतलं: भुईमूग.

गंमत पुढेच आहे. हा परदेशी दाणा आपण उपवासाला बिनदिक्कत खातो. त्याच ताटातले बटाटा, रताळं, मिरची आणि ज्या कंदापासून साबुदाणा होतो तो कंद, हे सगळे अमेरिकेचेच. उलट इथले जुने गहू-ज्वारी उपवासाला वर्ज्य. आम्हाला वाटतं, जुन्या निषेधांच्या यादीत या नव्या पाहुण्यांची नावंच नव्हती, म्हणून त्यांना दार उघडं राहिलं असावं.

मग रेल्वे आली. १८६३ साली बोरघाटातून गाडी धावू लागली. तो मार्ग बांधताना हजारो मजूर दगावले, हे आपण विसरू नये. घाट चढायला मागे लावलेली इंजिनं लोणावळ्याला सोडवली जात. गाडी थांबली की प्रवाशाला हवा असतो तो कोरडा, न नासणारा, पोटाला आधार देणारा खाऊ. लोणावळा आणि चिक्की ही जोडी जमली, त्यात या थांब्याचा वाटा आहेच.

म्हणून ‘हे मुळात आपलं नाही’ असं कुणी एखाद्या पदार्थाला किंवा माणसाला म्हणू लागलं, की आपण चिक्की आठवावी. काही शतकांत पाहुणा घरचा झाला, इतका की तो पाहुणा होता हेच आपण विसरलो.

शेवटी एक विनंती. या इतिहासाचे दस्तऐवज दफ्तरखान्यात फारसे मिळत नाहीत. ते घरातल्या बायकांच्या हातात असतात, पाकाने पोळलेल्या बोटांत. आई, आजी, मावशी यांपैकी कुणी चिक्की करत असेल, तर शेजारी बसा. ‘अंदाजाने’ म्हणजे नेमकं किती, ते विचारा आणि लिहून ठेवा.