मोर्शीहून गाविलगड : एका दिवसाच्या वाटेवरचा सहाशे वर्षांचा इतिहास

थ्रेड जरा लांबला आहे, सावकाश वाचावा.

जपानमध्ये एका दिवसाच्या मार्गदर्शित सहलीचा एक ठरलेला साचा आहे. सकाळी किल्ला, दुपारी त्याच्या पायथ्याचे उद्यान, संध्याकाळी किल्ल्याभोवती वसलेले जुने गाव. किल्ल्याभोवतीच्या अशा गावाला तिथे ‘जोकामाची’ म्हणतात. हिमेजीला गेलेला प्रवासी १६०९ मध्ये पूर्ण झालेला पांढराशुभ्र बालेकिल्ला पाहतो आणि शेजारच्या कोको-एन उद्यानात चहा घेतो. ते उद्यान मात्र १९९२ चे आहे, सामुराईंच्या वाड्यांच्या जागेवर नव्याने उभारलेले. ही छायाचित्रे पाहून हळहळणाऱ्या वऱ्हाडी इतिहासप्रेमींच्या सहसा लक्षात येत नाही की किल्ला, जलमहाल आणि राजधानीचे शहर हीच त्रयी मोर्शीहून सकाळी निघून संध्याकाळी परतता येईल इतक्या अंतरात उभी आहे. रिद्धपूर, अचलपूर, हौद कटोरा, गाविलगड : सहल याच क्रमाने करावी, कारण इतिहासही जवळपास याच क्रमाने उलगडत जातो.

मोर्शी सोडून चांदूर बाजाराच्या वाटेला लागले की दोन्ही बाजूंना संत्र्याच्या बागा सोबत करतात. पहिला मुक्काम रिद्धपूर, मोर्शी तालुक्यातलेच गाव. येथे ना बुरूज आहे ना तट. तरीही सहलीची सुरुवात येथूनच व्हावी, याला कारण आहे. गोविंदप्रभूंचे हे गाव महानुभाव पंथाचे परमस्थान. म्हाइंभटांनी ‘लीळाचरित्र’ सिद्ध केले ते याच गावी, सुमारे १२७८ मध्ये. मराठी भाषा विद्यापीठासाठी शासनाने रिद्धपूर निवडले, त्यामागे हाच वारसा आहे.

पण सहलीला निघालेल्यांनी येथे आठवावा असा ग्रंथ निराळाच आहे : ‘स्थानपोथी’. चक्रधरस्वामी आणि गोविंदप्रभू जेथे जेथे राहिले, बसले, निजले, त्या त्या जागांची ही नोंदवही. देऊळ कोणत्या दिशेचे, दार कोणत्या बाजूला, पटशाळा कुठे, अशा बारकाव्यांनी ती भरलेली आहे. यादवांची सत्ता मोडत असताना आणि त्यानंतरच्या काळात स्मृतीतल्या जागा हातच्या जाऊ नयेत म्हणून भक्तांनी केलेला हा उद्योग. श्रद्धेने लिहिलेली ही पोथी आज वास्तुइतिहासाच्या अभ्यासकाला पुराव्यासारखी उपयोगी पडते. मराठीतील पहिले स्थलदर्शक पुस्तक म्हणून तिच्याकडे बोट दाखवले तर अतिशयोक्ती होणार नाही. महानुभाव वाङ्मयात अचलपूर येते ते ‘अळजपूर’ या नावाने.

त्या अळजपुरात शिरण्यापूर्वी थोडा राजकीय इतिहास हवा. बहमनी सुलतान अहमदशाह वली याने १४२५ च्या सुमारास एलिचपुरात मुक्काम ठेवला, गाविलगड बांधला आणि नरनाळा दुरुस्त केला, असे फिरिश्ता सांगतो. ‘बांधला’ हा शब्द जपून घ्यावा. गवळ्यांचा म्हणून ‘गाविल’ ही व्युत्पत्ती जुनी आहे आणि डोंगरावर आधीपासून काही ना काही तटबंदी असावी, असे मानणेच सयुक्तिक. बहमनी सत्ता खिळखिळी झाल्यावर वऱ्हाडचा सुभेदार फतहुल्ला इमाद-उल्-मुल्क १४९० मध्ये स्वतंत्र झाला आणि इमादशाही सुरू झाली. राजधानी एलिचपूर, म्हणजेच आजचे अचलपूर.

फतहुल्लाची कथा इतिहासाच्या वर्गात जेवढी सांगितली जायला हवी तेवढी सांगितली जात नाही. तो मूळचा विजयनगरच्या मुलखातला हिंदू, युद्धात कैद झालेला मुलगा. बहमनी चाकरीत तो वाढला, मुसलमान झाला आणि अखेरीस एका राज्याचा संस्थापक ठरला. दख्खनच्या पाच शाह्यांपैकी सर्वांत दुर्लक्षित शाही हीच. विजापूर-गोवळकोंड्याच्या घुमटांसमोर वऱ्हाडकडे दाखवायला भव्य असे थोडेच उरले आणि १५७४ मध्ये अहमदनगरच्या मुर्तजा निजामशाहाने ते राज्यच गिळले. इमादशाहीचे जे दगडात उरले आहे, त्यातले सर्वोत्तम गाविलगडाच्या दिल्ली दरवाजावर आहे. तिथे पोचेपर्यंत धीर धरावा.

अचलपूर शहरात वेळ कमी पडतो. जुन्या वेशी, दुल्हा रहमान शाह यांचा दर्गा, नवाबी काळाच्या खुणा हे सारे आजच्या वस्तीत इतके मिसळलेले आहे की वाटाड्यावाचून ते सापडत नाही. अकबराच्या काळी अबुल फजलने ‘आईन-ए-अकबरी’त या शहराचा उल्लेख मोठे शहर आणि सुभ्याची राजधानी असा केला आहे. त्याच ओघात त्याने जमिनीलगत उगवणाऱ्या एका सुगंधी फुलाचीही नोंद केली. महसुलाच्या आकड्यांच्या गर्दीत हे फूल कसे शिरले, याचे नवल वाटते. पण एलिचपूर तेव्हा केवळ छावणीचे गाव नव्हते, एवढे त्यावरून नक्की कळते.

शहराबाहेर पश्चिमेला हौद कटोरा आहे. गोल तलावाच्या मध्यभागी उभा असलेला अष्टकोनी, तीन मजली मनोरा, प्रत्येक मजल्यावर कमानींची रांग. नाव अगदी समर्पक : पाण्याने भरलेला कटोरा आणि त्यात ठेवलेली वास्तू. वरचे आणखी दोन मजले एका नवाबाने दगडविटांसाठी उतरवले, अशी कथा सांगतात. हा जलमहाल बहमनी की इमादशाही, याविषयी मते एकसारखी नाहीत. परंतु त्याचे प्रयोजन त्याच्या जागेवरून कळते. विदर्भाच्या उन्हाळ्यात पाण्यावरून येणारा वारा कमानींतून फिरवणारी ही वास्तू युद्धासाठी नाही, विसाव्यासाठी आहे. जपानच्या दाइम्योंनी तळ्याकाठी चहाघरे बांधली, दख्खनच्या अमिरांनी तळ्यातच महाल बांधला. आज तलाव पावसाळ्याखेरीज भरलेला दिसेलच असे नाही. म्हणून सहल आश्विनात ठेवावी, वैशाखात ठेवू नये.

परतवाडा मागे टाकले की समोर सातपुड्याची भिंत उभी राहते. परतवाडा म्हणजे एलिचपूरची जुनी छावणी. हैदराबाद कंटिंजंटची फौज येथे असे. याच फौजेतला कॅप्टन रॉबिन्सन १८२३ मध्ये घाट चढून वर पोचला आणि चिखलदऱ्याचे ‘थंड हवेचे ठिकाण’ झाले, असे पर्यटनाच्या पुस्तिका सांगतात. कोरकू आणि गवळी शतकानुशतके राहत असलेली जागा कोणा कप्तानाला ‘सापडते’, ही वसाहतकाळाची नेहमीची भाषा आहे. कीचकाला भीमाने येथे मारले म्हणून कीचकदरा आणि त्याचे चिखलदरा, ही व्युत्पत्ती भीमकुंडापाशी प्रत्येक वाटाड्या ऐकवतो. लोककथा म्हणून ती गोड आहे. तिच्या आधारे महाभारताचा भूगोल ठरवू नये.

आता गड. येथे घाई करू नये, कारण सहलीचे खरे प्रयोजन हेच आहे.

गाविलगडाची रचना समजून घ्यायची तर आधी एक गोष्ट ध्यानात ठेवावी : आजचा पर्यटक गडावर जातो तो चुकीच्या बाजूने, म्हणजे शत्रूच्या बाजूने. दक्षिणेकडून, वऱ्हाडच्या मैदानातून पाहिले तर गड अजिंक्य वाटतो. ताशीव कडे, खोल दरी, माथ्यावर तटाची रेघ. उत्तरेकडे मात्र त्याची जमीन सातपुड्याच्या पठाराशी जवळपास जोडलेली आहे. आज चिखलदऱ्याहून गाडी सहज जवळ येते ती याच पठारावरून. गड बांधणाऱ्यांनी हे दुबळेपण ओळखले होते. म्हणून त्यांनी उत्तरेला बाहेरचा किल्ला घातला आणि मग एका घळीपलीकडे मुख्य किल्ला ठेवला. बाहेरचा तट पडला तरी शत्रू घळीत अडकेल, असा तो हिशेब.

मुख्य किल्ल्याच्या दिल्ली दरवाजावर ते शिल्प आहे, ज्यासाठी आधी धीर धरायला सांगितले. दोन तोंडांचा पक्षी, म्हणजे गंडभेरुंड, चोचींत आणि नखांत हत्ती धरून उभा आहे. सोबत सिंह आणि फळांनी लगडलेले खजुराचे झाड. गंडभेरुंड हे चिन्ह दक्षिणेत विजयनगरच्या नाण्यांवर आणि देवळांत प्रसिद्ध. विजयनगरच्या मुलखातून कैद होऊन आलेल्या माणसाच्या राज्यात, वऱ्हाडातल्या डोंगरी दरवाजावर तोच पक्षी उतरावा, हा योगायोग मानणे कठीण आहे. धर्म बदलला, धनी बदलला, मुलूख बदलला. चिन्ह मात्र माणसाबरोबर चालत आले, असा अर्थ बहुतेक अभ्यासक लावतात. पुढे निजामशाही काळात तटाला एक बुरूज जोडला गेला. बहराम बुरूज म्हणून तो ओळखला जातो आणि त्यावरील फारसी लेख १५७७ चा आहे.

गडाचा सर्वांत निर्णायक आठवडा मात्र १८०३ मधला.

दुसऱ्या इंग्रज-मराठा युद्धात असईनंतर २९ नोव्हेंबर १८०३ रोजी अडगावला नागपूरकर भोसल्यांच्या फौजेचा पराभव झाला. अडगाव म्हणजे आजच्या अकोला जिल्ह्यातले, तेल्हारा तालुक्यातले गाव. तेथून निसटलेले पायदळ गाविलगडावर आले. गड दुसऱ्या रघूजी भोसल्यांचा, किल्लेदार बेनीसिंग हा राजपूत. आर्थर वेलस्ली, जो पुढे वॉटर्लूचा ड्यूक ऑफ वेलिंग्टन झाला, एलिचपुरात पोचला. तेथे त्याने अडगावच्या जखमींसाठी रुग्णालय उघडले आणि ७ डिसेंबरला फौजेचे दोन भाग केले. स्वतः तो दक्षिणेकडून गडाखाली राहिला. जड तोफा घेऊन कर्नल स्टीव्हनसनला त्याने डोंगरातून वळसा घालून उत्तरेच्या पठारावर पाठवले.

युद्धाचा निकाल त्या वळशात लागला. सुमारे तीस मैलांची वाट, आणि वाट म्हणावी अशी वाटच नाही. सैनिकांनी झाडी तोडून रस्ता केला आणि दऱ्याखोऱ्यांतून तोफा हातांनी ओढल्या. १२ डिसेंबरला स्टीव्हनसन गडाच्या उत्तरेला लबाडा गावापाशी पोचला. त्याच रात्री मोर्चे बांधले गेले आणि १३ च्या सकाळी तोफा धडधडू लागल्या. १४ च्या रात्रीपर्यंत बाहेरच्या तटाला खिंडारे पडली. १५ ला सकाळी दहाच्या सुमारास हल्ला झाला. खिंडारावरच्या तुकडीचे नेतृत्व करणारा लेफ्टनंट कर्नल केनी त्यात प्राणघातक जखमी झाला.

बाहेरचा किल्ला पडला आणि बांधणाऱ्यांचा जुना हिशेब खरा ठरण्याची वेळ आली. इंग्रज फौज घळीपाशी थबकली. मुख्य किल्ल्याचा दरवाजा तोफांच्या टप्प्यात नव्हता, तट शाबूत होता. तेव्हा ९४ व्या पलटणीचा कॅप्टन कॅम्पबेल आपली हलकी तुकडी घेऊन घळ ओलांडून पलीकडे चढला. शिडी लावून तो तटावर गेला आणि त्याने आतून दरवाजा उघडला. ज्या बाजूने कोणी चढेल असे वाटले नव्हते, त्या बाजूला पुरेसे पहारे नव्हते. फितुरीची कथा येथेही सांगितली जाते. तिची गरज नाही. घळ, शिडी आणि अपुरे पहारे एवढ्याने घटना पूर्ण उलगडते. पराभव झाला की फितूर शोधायचा ही आपली जुनी खोड आहे आणि तिने मराठा युद्धांच्या अभ्यासाचे बरेच नुकसान केले आहे.

बेनीसिंग लढताना पडला. दरवाजापाशी प्रेतांच्या राशीत त्याचा देह सापडला. गडावरच्या राजपूत स्त्रियांविषयी जे सांगितले जाते ते मात्र काळजीने ऐकावे. सहलीत ‘सामूहिक जोहर’ असा शब्द सहज तोंडी येतो. समकालीन आणि नजीकच्या इंग्रजी नोंदी सांगतात त्या वेगळे : सरदारांनी आपल्या स्त्रियांना मारण्याचा निर्णय केला होता, पण प्रत्यक्षात मृत मोजक्याच होत्या; काही जखमी होत्या आणि बाकीच्या जिवंत. वेलस्लीने त्यांना सन्मानाने वागवण्याची आज्ञा दिली, असेही त्यात आहे. विजेत्यांची नोंद म्हणून तिच्यावर शंका घ्यावीच. तरी ती बाजूला सारून अग्निकुंडाचे चित्र रंगवताना, ज्या स्त्रिया जगल्या त्यांना आपण कथेतून दुसऱ्यांदा पुसून टाकतो. त्यांचे पुढे काय झाले, त्या कुठल्या गावी गेल्या, हा प्रश्न विचारायला कोणी उरत नाही.

दोनच दिवसांनी, १७ डिसेंबरला, देवगावचा तह झाला. कटक प्रांत आणि वर्धा नदीच्या पश्चिमेचा मुलूख भोसल्यांनी सोडला. ही रेघ मोर्शीकरांनी नकाशावर बोट ठेवून पाहावी : वर्धेच्या पश्चिमेचा मोर्शीचा मुलूख निजामाकडे गेला, पलीकडचा तीर नागपूरकरांकडे राहिला. जो गड एवढ्या रक्ताने घेतला तो गाविलगड आणि नरनाळा मात्र भोसल्यांना परत मिळाले. ते निजामाकडे गेले १८२२ च्या तहानंतर. पुढे १८५३ मध्ये वऱ्हाडच कंपनी सरकारच्या ताब्यात आला.

तरीही गडाचा नाश युद्धाने झालेला नाही. १८५८ च्या अखेरीस तात्या टोपे नर्मदा ओलांडून मुलताईपर्यंत आले. मुलताई म्हणजे मोर्शीच्या उत्तरेला सातपुड्यापलीकडचे गाव. ते मेळघाटात उतरून गाविलगडावर ठाण मांडतील, या धास्तीने इंग्रजांनी त्याच वर्षी तटबंदी निकामी केली. तात्या गडावर कधीच आले नाहीत. जपानमध्येही १८७३ मध्ये मेइजी शासनाने आज्ञापत्र काढून शेकडो किल्ले निकालात काढले. मूळ स्वरूपातले बालेकिल्ले आज तिथे केवळ बारा उरले आहेत. ओसाकाचा किल्ला तर १९३१ मध्ये काँक्रीटमध्ये पुन्हा उभा केलेला आहे. गाविलगडावर असा खोटा साज कोणी चढवला नाही. मशिदीच्या कमानी, तलाव, ढासळलेले बुरूज आणि गवतात पडलेल्या तोफा जशा आहेत तशाच आहेत.

उतरताना उजेड असेल तर दक्षिण कड्यापाशी थोडे थांबावे. खाली वऱ्हाडचे सपाट काळे रान दिसते, अचलपूर-परतवाड्याची घरे दिसतात. वेलस्लीचा तळ तिकडे, खाली होता. स्टीव्हनसनच्या तोफा पाठीमागे होत्या, पठारावर, जिथे आता गाड्या उभ्या राहतात. घाटात अंधार लवकर पडतो. मोर्शीला परतायचे असेल तर पाचच्या आत गड सोडावा.