नटाचा चेहरा आणि इतिहासातील रिक्त स्थान : निकोलाय चेर्कासोव्ह याची कारकीर्द

ज्या ऐतिहासिक पुरुषाचे समकालीन चित्र उपलब्ध नसते, त्याचे रूप पुढील पिढ्या कोठून आणतात, हा प्रश्न वरवर गौण वाटतो. परंतु तो तसा नाही. नोव्हगोरोदचा राजपुत्र अलेक्झांडर नेव्हस्की याने १२४२ साली पेइपस सरोवरावर जर्मन सरदारांचा पराभव केला. त्याचे त्याच्या हयातीतील एकही चित्र आज अस्तित्वात नाही. २९ जुलै १९४२ रोजी सोव्हिएत शासनाने त्याच्या नावे एक सैनिकी पदक निर्माण केले, तेव्हा वास्तुकार इगोर तेल्यात्निकोव्ह याच्यापुढे हीच अडचण उभी राहिली. त्याने एका नटाची मुखाकृती पदकावर कोरली. तो नट म्हणजे निकोलाय चेर्कासोव्ह होय. महायुद्धाच्या काळात ४२ हजारांहून अधिक वेळा ही मुखाकृती सेनाधिकाऱ्यांच्या छातीवर लावली गेली. रंगभूमीवरील आणि चित्रपटातील नटाचा चेहरा अशा रीतीने राज्याच्या अधिकृत चिन्हांत जाऊन बसला. हे कसे घडले, याचे उत्तर चेर्कासोव्हच्या कारकीर्दीत सापडते.

चेर्कासोव्हचा जन्म १९०३ साली सेंट पीटर्सबर्ग येथे एका रेल्वे कर्मचाऱ्याच्या घरी झाला. १९१९ पासून तो मारिन्स्की नाट्यगृहात शब्दहीन, किरकोळ भूमिका करू लागला. त्या रंगमंचावर शालियापिनचे गायन व अभिनय जवळून पाहावयास मिळणे, हे त्याचे पहिले शिक्षण होते. १९२६ साली लेनिनग्राडच्या नाट्यशिक्षणसंस्थेतून बाहेर पडल्यावर त्याने ब्रियान्त्सेव्हच्या बालरंगभूमीत प्रवेश केला व त्याच वर्षी तेथे दोन किहोतेची भूमिका केली. मात्र शहरभर त्याचे नाव झाले ते एका विनोदी नृत्यामुळे. चिर्कोव्ह व बेरेझोव्ह या सहकाऱ्यांसह तो पॅट, पॅटाशॉन व चॅप्लिन या चित्रपटातील विदूषकांची नक्कल करीत असे व त्यात उंच, लुकड्या पॅटचे सोंग त्याचे असे. ज्या लांबोडक्या देहयष्टीपुढे पुढे एक राष्ट्र वीरभावाने पाहणार होते, ती आरंभी हास्यरसाचे साधन होती, हे ध्यानात ठेवण्याजोगे आहे.

१९३३ साली तो लेनिनग्राडच्या पुश्किन नाट्यगृहात दाखल झाला. झार्खी व हेइफित्झ यांच्या ‘बाल्टिक प्रतिनिधी’ या १९३७ च्या चित्रपटात त्याने वृद्ध शास्त्रज्ञ पोलेझायेव्ह साकारला. पंच्याहत्तरीच्या या प्राध्यापकाची भूमिका करणारा नट अवघ्या तेहेतीस वर्षांचा होता. त्याच सुमारास पेत्रोव्हच्या ‘पहिला पीटर’ या चित्रपटात त्याने पित्याविरुद्ध कारस्थान करणारा दुर्बल राजपुत्र अलेक्सेइ उभा केला. लगेच १९३८ साली आयझेन्स्टाइनच्या ‘अलेक्झांडर नेव्हस्की’ मध्ये तो अजिंक्य सेनानी म्हणून प्रकट झाला. तात्पर्य, नेव्हस्कीचे रूप ही चेर्कासोव्हची निसर्गदत्त मुद्रा नव्हती. तीही इतर सोंगांसारखी परिश्रमाने घडविलेली होती.

या चित्रपटाचे भाग्य राजकारणाबरोबर फिरत राहिले. ऑगस्ट १९३९ मध्ये जर्मनीशी करार होताच तो पडद्यावरून दूर करण्यात आला. जून १९४१ मध्ये जर्मन आक्रमण होताच तो पुन्हा सर्वत्र झळकू लागला. पुढील वर्षी पदक आले. बर्फाखाली बुडणारे जर्मन सरदार हे या चित्रपटातील सर्वांत प्रसिद्ध दृश्य. ते उन्हाळ्यात कृत्रिम बर्फ पसरून चित्रित झाले होते आणि नोव्हगोरोदच्या सर्वांत जुन्या वृत्तांतात बर्फ फुटल्याचा उल्लेख नाही. तथापि लोकस्मृतीत लढाई तशीच राहिली. जेथे साधने मौन पाळतात, तेथे प्रतिमा बोलू लागते, व तिचा आवाज साधनांहून मोठा ठरतो.

‘इव्हान द टेरिबल’ या चित्रपटाच्या बाबतीत हा व्यवहार अधिक गुंतागुंतीचा झाला. युद्धकाळात अल्मा-आता येथे चित्रित झालेला त्याचा पहिला भाग १९४५ साली प्रदर्शित झाला व १९४६ साली स्टालिन पारितोषिकास पात्र ठरला. त्याच वर्षीच्या सप्टेंबरात पक्षाच्या मध्यवर्ती समितीने दुसऱ्या भागाचा निषेध केला. २५ फेब्रुवारी १९४७ च्या रात्री आयझेन्स्टाइन व चेर्कासोव्ह यांना क्रेमलिनमध्ये पाचारण करण्यात आले. स्टालिन, मोलोतोव्ह व झ्दानोव्ह यांच्याशी झालेल्या या संभाषणाची नोंद उपलब्ध आहे. इव्हान हॅम्लेटसारखा अनिश्चयी दाखविला आहे, हा स्टालिनचा मुख्य आक्षेप होता. झारचे बाह्य रूप बदलावे काय, असे चेर्कासोव्हने विचारले असता, रूप योग्य आहे, ते बदलण्याची गरज नाही, असे उत्तर मिळाले.

या उत्तरात सर्व प्रकरणाचे मर्म आहे. सत्तेला चेहरा मान्य होता. त्या चेहऱ्यामागे चाललेले मन मान्य नव्हते. पदकावरील मुखाकृतीला मन नसते, म्हणून ती निर्धास्तपणे वापरता येते. जिवंत नटाने शंका, भय आणि पश्चात्ताप डोळ्यांतून दाखविताच तोच चेहरा संशयास्पद ठरला. चेर्कासोव्हला त्याच वर्षी सोव्हिएत संघाचा ‘लोककलावंत’ हा किताब लाभला. आयझेन्स्टाइन १९४८ च्या फेब्रुवारीत मरण पावला आणि दुसरा भाग प्रेक्षकांपुढे येण्यास १९५८ साल उजाडावे लागले.

१९६३ साली इव्हानची कबर उघडण्यात आली व मिखाईल गेरासिमोव्ह याने कवटीवरून त्याच्या चेहऱ्याची पुनर्रचना केली. पुढे आला तो स्थूल, जडावलेल्या शरीराचा माणूस. चेर्कासोव्हच्या कृश, ससाण्यासारख्या झारशी त्याचे साम्य थोडेच होते. तरीही सर्वसामान्यांच्या डोळ्यांपुढे आजही चित्रपटातील इव्हान उभा राहतो. प्रत्यक्ष पुरावा हाती आल्यावरही प्रतिमा सहजासहजी हटत नाही, याचे हे उत्तम उदाहरण होय.

चेर्कासोव्ह राज्याच्या प्रतिष्ठेचा मानकरी होता. तो सर्वोच्च सोव्हिएतचा सदस्य होता व १९५१ साली पुदोव्हकिनसमवेत भारतातही येऊन गेला. परंतु त्याची कला या मानमरातबांत संपत नाही. बुल्गाकोव्हच्या नाटकांशी त्याचा संबंध दोनदा आला : १९४१ साली दोन किहोतेच्या रूपाने, व १९५८ साली ‘पलायन’ मधील पराभूत, अपराधभावाने पछाडलेल्या ख्लुदोव्ह या श्वेत सेनापतीच्या रूपाने. १९५७ साली कोझिन्त्सेव्हच्या चित्रपटात तो पुन्हा दोन किहोते झाला. बालरंगभूमीवर सुरू झालेली ही भूमिका तीस वर्षे त्याच्या सोबत राहिली. आणि तिच्यात विदूषक पॅट व सरदार नेव्हस्की, दोघांचीही देहयष्टी एकत्र आली.

१४ सप्टेंबर १९६६ रोजी लेनिनग्राड येथे त्याचे निधन झाले. अलेक्झांडर नेव्हस्कीच्याच नावाने ओळखल्या जाणाऱ्या मठाच्या आवारातील तिख्विन स्मशानभूमीत त्याला चिरविश्रांती लाभली. २०१० साली रशियाने पदकाचे रूप बदलून ते जुन्या साम्राज्यकालीन धर्तीवर आणले व नटाची मुखाकृती त्यावरून गेली. राज्याने घेतलेला चेहरा राज्याने परत केला. इतिहासाच्या अभ्यासकाने यातून घ्यावयाचा बोध एवढाच की, चित्ररूप साधन हाती आले असता ते कोणत्या काळाचे दर्शन घडविते, हे प्रथम ठरवावे. १९४२ चे पदक १३ व्या शतकाविषयी काहीच सांगत नाही. २० व्या शतकातील एका राष्ट्राला कोणत्या पूर्वजाची गरज भासत होती, हे मात्र ते अचूक सांगते.