दीपक कोणी गायला?

तानसेनाने दीपक गायला, दरबारातले दिवे आपोआप पेटले, त्याच्या अंगाचा दाह होऊ लागला आणि वडनगरच्या ताना-रीरी या बहिणींनी मल्हार गाऊन तो शमवला, ही कथा आपण सर्वांनी लहानपणी ऐकलेली असते. १९४३ साली रणजित मूव्हीटोनच्या ‘तानसेन’ चित्रपटात सैगल यांनी तिला आवाज दिला आणि ती अधिकच दूरवर पोचली. नादाने दिवा पेटतो का, हा वाद जुना आहे. मला त्याआधीचा एक प्रश्न पडतो : ही कथा मुळात तानसेनाची तरी आहे का?

तानसेन १५६२ साली राजा रामचंद्राच्या पदरातून अकबराच्या दरबारात आला. अबुल फजलने ‘ऐन-इ-अकबरी’मध्ये दरबारी कलावंतांची यादी दिली आहे. तीत पहिले नाव तानसेनाचे आहे आणि गेल्या हजार वर्षांत हिंदुस्थानात असा गवई झाला नाही, असा अभिप्रायही आहे. बादशहाच्या वैभवाचे वर्णन करताना हा लेखक हात आखडता घेत नाही. तरीही त्या नोंदीत पेटलेल्या दिव्यांचा उल्लेख नाही. डोळ्यांदेखत असे काही घडले असते, तर तो गप्प बसता ना.

आता दोनशे वर्षे पुढे येऊ. १७९७ साली लंडनमध्ये विल्यम आउसली याने ‘ओरिएंटल कलेक्शन्स’ या संग्रहात हिंदुस्थानी संगीताविषयीच्या आख्यायिका छापल्या. त्यात दीपकाची कथा आहे, पण गाणारा तानसेन नाही. अकबराच्या हुकमावरून दीपक गाणारा आहे गोपाल नायक. तो यमुनेच्या पाण्यात गळ्यापर्यंत उभा राहून गातो, पाणी उकळू लागते आणि शेवटी त्याच्या देहातून ज्वाळा निघून त्याची राख होते. तानसेनाच्या वाट्याला तिथे वेगळाच चमत्कार आला आहे. तो भर दुपारी रात्रीचा राग गातो आणि राजवाड्याभोवती अंधार पसरतो.

गोपाल नायक म्हणजे परंपरेप्रमाणे आपल्या देवगिरीचा गवई, अलाउद्दीन खिलजी आणि अमीर खुसरो यांचा समकालीन. अलाउद्दीनची देवगिरीवरची पहिली स्वारी १२९६ची, अकबराचे राज्यारोहण १५५६चे. मधली अडीचशे वर्षे कथेने एका दमात ओलांडली. म्हणजे दीपकाची आग आधीपासून लोकांच्या तोंडी होती. तिला गवई हवा होता, आणि ज्याचे नाव मोठे त्याच्याकडे ती गेली.

या आख्यायिका एकत्र वाचल्या, की त्यांमागचे नियम दिसू लागतात. प्रत्येक रागाची सत्ता ठरलेली : दीपकाची अग्नीवर, मेघमल्हाराची पावसावर. प्रभावाची हद्दही ठरलेली. तानसेनाचा अंधार त्याचा आवाज पोचेल तिथपर्यंतच पसरतो. शक्ती वापरली की किंमत मोजावी लागते, आणि उतारा असतो तो दुसऱ्या रागातच. रागांच्या वेळा आणि ऋतू यांविषयीचे संगीतशास्त्रातले संकेत इथे जादूचे कायदे झाले आहेत. गंमत म्हणजे दीपकाच्या एका जुन्या संस्कृत ध्यानश्लोकात दिवा चक्क विझलेला आहे. शृंगारासाठी अंधार केला, तर प्रियेच्या शिरोभूषणातल्या रत्नांचाच उजेड पडला, असे ते चित्र आहे. कवीची ही नाजूक कल्पना पुढे आगीच्या गोष्टीत हरवून गेली.

पदार्थविज्ञान काय सांगते? साध्या बोलण्यातून बाहेर पडणारी ध्वनिशक्ती एका वॅटच्या लाखाव्या भागाच्या आसपास असते, तर मेणबत्तीची लहानशी ज्योतही काही दशके वॅट उष्णता देते. गळ्याने वात पेटणे शक्य नाही. पेटलेली ज्योत मात्र नाद ऐकते. १८५८ साली जॉन लकॉण्ट या अमेरिकन शास्त्रज्ञाने एका खासगी मैफलीत चेलोच्या सुरांबरोबर गॅसच्या ज्योती थरथरताना पाहिल्याचे नोंदवले. बहिऱ्या माणसालाही तिथे संगीत डोळ्यांनी दिसले असते, असे त्याला वाटले.

चमत्काराची ही कथा फुकट मिळालेली नाही. हनुमन्मताच्या सहा रागांपैकी भैरव, मालकंस, हिंडोल, श्री आणि मेघ आजही मैफलीत ऐकू येतात. दीपक क्वचितच. गाणाऱ्याला तो जाळतो, म्हणून जुन्या गवयांनी तो बाजूला ठेवला, असे सांगितले जाते. कारण काहीही असो, जो राग गळ्यातून गळ्यात जात नाही त्याचे रूप टिकत नाही. आज दीपक कोणी पूर्वी थाटातला सांगतो, कोणी बिलावलातला. दुसरे नुकसान याहून मोठे आहे. गवयाच्या साऱ्या जन्माची मेहनत आपण एका रात्रीच्या दिव्यांच्या नावावर जमा केली. ग्वाल्हेरला तानसेनाच्या कबरीशेजारच्या चिंचेचा पाला गळा गोड व्हावा म्हणून लोक चघळतात. पाला चघळणे रियाजापेक्षा सोपे असते.

खरे नवल हवे असेल तर तंबोऱ्यापाशी बसावे. तार जिथे छेडावी तिथे जे उपस्वर स्थिर असतात ते ऐकू येऊ नयेत, असा तारांचा प्रस्थापित नियम होता. तंबोरा आणि वीणा तो पाळत नाहीत, हे चंद्रशेखर वेंकट रामन यांनी १९२१ साली दाखवून दिले आणि त्याचे कारण घोडीच्या वक्र पृष्ठभागात शोधले. मिरजेचे कारागीर पिढ्यान्‌पिढ्या ते पृष्ठभाग हाताने घासत, कानाने तपासत आले आहेत. घोडीवर तारेखाली जवारीचा दोरा जरासा सरकवला, की खर्जाच्या तारेतून कोणीही न लावलेला गंधार उमटतो. त्याने दिवा पेटत नाही. पण तो ऐकू येण्यासाठी कान तयार करावा लागतो, आणि तेवढे तानसेनालाही चुकले नसणार.