अ‍ॅलिस्टर सिम : वाणीच्या अध्यापनातून घडलेला चरित्र अभिनेता

नायकाचे रूप व वय नसतानाही केंद्रस्थानी पोहोचलेल्या ब्रिटिश नटांमध्ये अ‍ॅलिस्टर सिम (१९००–१९७६) यांचे स्थान महत्त्वाचे आहे. एडिंबरो येथे जन्मलेले सिम प्रारंभी तेथेच वक्तृत्व व उच्चारशास्त्राचे अध्यापन करीत. १९३० मध्ये लंडनच्या सॅव्हॉय नाट्यगृहातील ‘ऑथेल्लो’मध्ये निरोप्याच्या छोट्या भूमिकेतून त्यांनी व्यावसायिक रंगभूमीवर पदार्पण केले. पुढे नाटककार जेम्स ब्रायडी यांच्या नाटकांत त्यांनी अभिनय व दिग्दर्शन केले. ‘ग्रीन फॉर डेंजर’मधील (१९४६) मिस्कील पोलीस निरीक्षक, ‘स्क्रूज’मधील (१९५१) पश्चात्तापाने बदलणारा कंजूष आणि ‘द बेल्स ऑफ सेंट ट्रिनियन्स’मधील (१९५४) मुख्याध्यापिका व तिचा भाऊ ही दुहेरी भूमिका पाहता, आवाजाच्या चढउतारांतून व्यक्तिरेखा उभी करण्याचे त्यांचे सामर्थ्य स्पष्ट होते. १९४८ मध्ये एडिंबरो विद्यापीठाच्या विद्यार्थ्यांनी त्यांना रेक्टरपदी निवडून दिले. अध्यापकाचा नट झालेला हा कलावंत अशा रीतीने विद्यापीठात सन्मानाने परतला. चरित्र अभिनेत्यास केवळ दुय्यम नट मानणारी दृष्टी किती अपुरी आहे, हे सिम यांच्या कारकिर्दीवरून सिद्ध होते. वर्गातील वाणीची साधना हीच त्यांच्या अभिनयाची पूर्वतयारी ठरली, असे म्हणता येईल.