जॅकी रॉबिन्सन : बेसबॉलमधील वर्णभेदाची भिंत ओलांडणारा खेळाडू

अमेरिकेतील मेजर लीग बेसबॉलमध्ये ४२ हा क्रमांक आता कोणत्याही खेळाडूला दिला जात नाही. १९९७मध्ये सर्वच संघांनी तो जॅकी रॉबिन्सन यांच्या सन्मानार्थ कायमचा निवृत्त केला. दरवर्षी १५ एप्रिलला मात्र सारे खेळाडू हाच क्रमांक पाठीवर घेऊन मैदानात उतरतात.

जॅक रूझवेल्ट रॉबिन्सन यांचा जन्म ३१ जानेवारी १९१९ रोजी जॉर्जिया राज्यातील केरो येथे, वाट्याने शेती कसणाऱ्या कुटुंबात झाला. वडील घर सोडून गेल्यावर आईने पाच मुलांना घेऊन कॅलिफोर्नियातील पॅसाडेना गाठले आणि घरकाम करून त्यांना वाढविले. थोरले बंधू मॅक यांनी १९३६च्या बर्लिन ऑलिम्पिकमध्ये २०० मीटर धावण्याच्या शर्यतीत जेसी ओवेन्स यांच्या पाठोपाठ रौप्यपदक मिळविले. जॅकी यांनी लॉस एंजलिसच्या विद्यापीठात चार खेळांत प्रावीण्य मिळविले. सैन्यात असताना १९४४मध्ये बसच्या मागच्या भागात बसण्यास नकार दिल्याच्या प्रकरणातून त्यांना लष्करी न्यायालयासमोर उभे राहावे लागले. तेथे ते निर्दोष ठरले.

त्या काळी कृष्णवर्णीय खेळाडूंना मेजर लीगची दारे बंद होती. तसा लेखी नियम नव्हता. पण १८८०च्या दशकानंतर एकाही संघाने ही प्रथा मोडली नव्हती. ‘नीग्रो लीग’मधील कॅन्सस सिटी मोनार्क्सकडून खेळणाऱ्या रॉबिन्सन यांना ब्रुकलिन डॉजर्सचे प्रमुख ब्रँच रिकी यांनी ऑगस्ट १९४५मध्ये बोलावून घेतले. त्यांची अट कठीण होती : कितीही अपमान झाला तरी प्रत्युत्तर द्यायचे नाही. स्वभावाने तापट असलेल्या रॉबिन्सन यांनी ती मान्य केली. १९४६चा हंगाम माँट्रियलच्या दुय्यम संघात गाजविल्यावर १५ एप्रिल १९४७ रोजी ते डॉजर्सच्या वतीने मैदानात उतरले.

त्या वर्षी त्यांना पहिल्या बेसवर उभे करण्यात आले. ही जागा त्यांच्या सवयीची नव्हती आणि धोक्याचीही होती. कारण धावत येणाऱ्या प्रतिस्पर्ध्याच्या बुटाचे खिळे तेथे पायात रुतू शकतात. फिलाडेल्फियाच्या संघाने व्यवस्थापकासह त्यांच्यावर वर्णवाचक शिव्यांचा वर्षाव केला. जिवे मारण्याच्या धमक्यांची पत्रे आली. रॉबिन्सन गप्प राहिले आणि २९ वेळा बेस ‘चोरून’, म्हणजे फटक्याची वाट न पाहता पुढच्या बेसकडे धाव घेऊन, वर्षातील सर्वोत्तम नवोदित खेळाडूचा मान त्यांनी पटकाविला.

१९४८मध्ये ते दुसऱ्या बेसवर आले आणि शॉर्टस्टॉप पी वी रीस यांच्याशी त्यांची जोडी जमली. एकाच चेंडूवर दोन खेळाडूंना बाद करणारा ‘डबल प्ले’ ही या जोडीची खासियत. १९४९च्या सुमारास मौनाचे बंधनही उरले नाही. त्या वर्षी ०.३४२ च्या सरासरीने ते नॅशनल लीगमधील अव्वल फलंदाज आणि सर्वात मौल्यवान खेळाडू ठरले. १९५१च्या अखेरच्या साखळी सामन्यात फिलाडेल्फियाविरुद्धच त्यांनी बाराव्या डावात सूर मारून झेल घेत पराभव टाळला आणि चौदाव्या डावात ‘होम रन’ ठोकून सामना जिंकून दिला.

उत्तरार्धात ते तिसरा बेस व डावे मैदानही सांभाळू लागले. १९५५मध्ये डॉजर्सने यांकीजना नमवून प्रथमच वर्ल्ड सिरीज जिंकली. डिसेंबर १९५६मध्ये संघाने त्यांना कट्टर प्रतिस्पर्धी जायंट्सकडे सोपविण्याचे ठरविले. पण त्यांनी निवृत्ती पत्करली. डॉजर्सकडून दहा हंगामांत त्यांनी १३८२ सामने खेळून ०.३११ ची सरासरी राखली. १९६२मध्ये ‘हॉल ऑफ फेम’मध्ये त्यांचा समावेश झाला.

रॉबिन्सन यांच्यामागोमाग इतर संघांची दारे उघडली, पण सावकाश. बोस्टन रेड सॉक्सने पहिला कृष्णवर्णीय खेळाडू मैदानात उतरविला तो १९५९मध्ये. ऑक्टोबर १९७२मध्ये वर्ल्ड सिरीजच्या वेळी झालेल्या सत्कारात, मधुमेहाने दृष्टी क्षीण झालेल्या रॉबिन्सन यांनी आभार मानतानाच, संघाचे नेतृत्व करणारा कृष्णवर्णीय व्यवस्थापक पाहण्याची इच्छा बोलून दाखविली. त्यानंतर नऊच दिवसांनी, २४ ऑक्टोबर रोजी, वयाच्या ५३व्या वर्षी त्यांचे निधन झाले. क्लीव्हलँडच्या संघाने फ्रँक रॉबिन्सन यांच्या रूपाने असा पहिला व्यवस्थापक मैदानात आणला, तेव्हा १९७५ साल उजाडले होते.