सागाच्या बुंध्यांतील कालगणना

काळ मोजणें आणि काळाची नोंद ठेवणें या दोन निरनिराळ्या गोष्टी होत. पहिलें काम घटिकापात्र उत्तम रीतीनें करीत असे. तळाशीं बारीक छिद्र असलेलें तांब्याचें पात्र पाण्यावर सोडावें; तें भरून बुडालें कीं एक घटिका, म्हणजे २४ मिनिटें, झाली असें समजावें; आणि अशा ६० घटिकांनीं एक अहोरात्र पुरें व्हावें. परंतु पात्र रितें करून पुन्हां सोडतांच गेलेल्या घटिकेची कोणतीच खूण मागें राहत नसे. दुसरें काम शिलालेख करितो. शिलाहार राजा माम्वाणि याच्या काळचा अंबरनाथच्या शिवमंदिरांतील लेख या दृष्टीनें सुप्रसिद्ध आहे. मात्र दगडावर कोरलेला काळहि वाचणाऱ्याच्या डोळ्यांवर अवलंबून असतो. डॉ. भाऊ दाजी लाड यांनीं त्या लेखांतील शक ७८२ असा वाचला. पुढें पंडित भगवानलाल इंद्रजी यांनीं तो ९८२, म्हणजे इ. स. १०६०, असा निश्चित केला. एका अंकाच्या वाचनानें मंदिराचें वय दोनशें वर्षांनीं बदललें.

हीं दोन्ही कामें एकाच वेळीं करणारें एक सजीव यंत्र याच परिसराच्या डोंगरांत उभें आहे. तें कोणा कारागिरानें घडविलेलें नाहीं. तें म्हणजे सागाचें झाड.

उन्हाळ्यांत सागाचीं पानें गळून पडतात आणि त्याची वाढ थांबते. पावसाळ्याच्या सुमारास नवी पालवी फुटून खोडाच्या सालीखालीं नवें लांकूड तयार होऊं लागतें. आरंभींच्या लांकडांत पाणी वाहून नेणारीं मोठीं छिद्रें असतात. पुढें तीं बारीक होत जाऊन लांकूड घट्ट बनतें. त्यामुळें दरवर्षीं एक स्पष्ट वलय उमटतें आणि आडव्या कापलेल्या बुंध्यावर तें नुसत्या डोळ्यांनीं दिसतें. ज्या वर्षीं ओलावा पुरेसा मिळाला, त्या वर्षींचें वलय बहुधा रुंद. ज्या वर्षीं झाडाची उपासमार झाली, त्या वर्षींचें अरुंद. अशा प्रकारें झाड वर्षें तर मोजतेंच, पण प्रत्येक वर्ष कसें गेलें तेंहि लिहून ठेवितें.

ही लिपि वाचण्याचें शास्त्र अमेरिकेंत डग्लस या ज्योतिर्विदानें विसाव्या शतकाच्या आरंभीं उभारलें. सूर्यावरील डागांच्या सुमारें अकरा वर्षांच्या चक्राचा ठसा झाडांत सांपडतो काय, हें पाहण्यासाठीं तो वलयें मोजूं लागला. अनेक झाडांतील रुंद व अरुंद वलयांची मांडणी एकमेकींशीं जुळवून पाहणें, हें त्याच्या पद्धतीचें मर्म होय. मध्येंच पाऊस थांबून पुन्हां आल्यास झाड कधीं कधीं एकाच वर्षांत खोटें वलय काढतें. कधीं एखादें वलय गळतें. एका झाडाची ही चूक शेजारच्या दहा झाडांवरून पकडतां येते. १९२९ सालीं शो लो या गांवीं सांपडलेल्या एका जळक्या तुळईनें जुन्या व नव्या वलयांच्या मालिका जोडल्या आणि तेथील प्राचीन वस्त्यांचीं वर्षें नक्की झालीं. त्यानंतर दोनच वर्षांनीं, १९३१ सालीं, बेर्लाख यानें जावा बेटांतील सागावरून १५१४ पासून १९२९ पर्यंतची वलयमाला प्रसिद्ध केली. उष्ण प्रदेशांतील झाडेंहि विश्वसनीय साक्ष देऊं शकतात, हें तीवरून दिसून आलें. आपल्याकडे पंत व बोरगांवकर यांनीं ठाणें भागांतील सागाचीं वलयें आणि तेथील हवामान यांचा संबंध तपासून १९८३ सालीं त्यावर निबंध लिहिला. या कामासाठीं झाड तोडावें लागत नाहीं. पोकळ गिरमिटानें पेन्सिलीएवढी बारीक कांडी काढून घेतली कीं पुरतें.

परंतु जुनी साक्ष द्यावयास जुनें झाड हवें, आणि तेंच येथें दुर्मिळ झालें आहे. त्याचें कारण या प्रांताच्या इतिहासांतच आहे. १६५७ सालीं कल्याण-भिवंडी स्वराज्यांत आल्यावर मराठी आरमाराचा पाया याच खाडीच्या कांठीं घातला गेला, आणि आरमारास सागाचें लांकूड हवें होतें. तरीहि त्या राज्यास झाडाच्या वयाचें भान होतें. अठराव्या शतकाच्या आरंभीं रामचंद्रपंत अमात्यांनीं लिहिलेल्या आज्ञापत्रांत साग वगैरे झाडें हुजूरच्या परवानगीनेंच तोडावीं असें सांगितलें आहे. आंबा व फणस यांस तर हात लावूं नये, कारण तीं वर्षा-दोन वर्षांत होत नाहींत, असें स्पष्ट बजाविलें आहे. पुढें १८५४ सालीं आगगाडी कल्याणास पोंचली आणि दोन वर्षांनीं अंबरनाथ-बदलापूरच्या बाजूनें पळसदरीपर्यंत गेली. रुळांखालीं लांकडी स्लीपर लागत, आणि वाढत्या मुंबईस इमारती लांकूडहि हवें होतें. दुसऱ्या महायुद्धांत कल्याणजवळ लष्करी छावणी उभी राहिली. फाळणीनंतर तेथें सिंधी निर्वासितांस आसरा मिळाला आणि १९४९ सालीं त्या वसाहतीस उल्हासनगर हें नांव देण्यांत आलें. माणसांस निवारा हवाच होता. त्यांत दोष कोणाचा नाहीं. पण रानाचें जें पान एकदां फाटलें, तें पुन्हां लिहिलें जात नाहीं.

सुदैवानें सर्वच पानें नष्ट झालेलीं नाहींत. जुन्या घरांच्या तुळयांत, खांबांत आणि दारांच्या चौकटींत तीं अजून शिल्लक आहेत. सालीलगतचें शेवटचें वलय जपलें गेलें असेल, तर झाड कोणत्या वर्षीं तोडलें तेंहि सांगतां येण्याजोगें असतें. सुतारानें तें तासून टाकलें असेल, तर झाड अमुक वर्षापूर्वीं तोडलेलें नाहीं, एवढेंच म्हणतां येतें. आज मात्र घर पाडलें कीं तुळई वखारींत जाते, आणि फर्निचरच्या बाजारासाठीं प्रसिद्ध असलेल्या या गांवीं तिचें कपाट किंवा पलंग होतो. त्यास कोणाची हरकत नसावी. फक्त करवत चालविण्यापूर्वीं तुळईच्या टोंकाची बोटभर जाडीची एक चकती कापून, ती कोणत्या गांवच्या कोणत्या घरांतील, हें तीवर लिहून ठेवावें. अशा चकत्या शाळेच्या कपाटांत जमा झाल्या, तर जाणत्या संशोधकास त्या जिवंत झाडांच्या वलयांशीं जोडून पाहतां येतील. आणि ज्या वर्षांचें पाऊसपाणी कोणत्याच दप्तरांत नाहीं, त्यांची हकीकत कदाचित् हातीं लागेल.