खलनायकाची वाणी : सदाशिव अमरापूरकर

चित्रपटाचा इतिहास लिहिताना नायक व दिग्दर्शक ह्यांच्या नावांनी कालखंड पाडण्याची आपल्याकडे प्रथा आहे. चरित्र-अभिनेता त्या इतिहासात तळटीपेपुरता येतो, आणि तोही बहुधा एखाद्याच भूमिकेच्या बळावर. सदाशिव अमरापूरकर (१९५०–२०१४) ह्यांच्या बाबतीत ती भूमिका ‘अर्धसत्य’मधील रामा शेट्टीची होय. ह्या भूमिकेवरून त्यांच्याविषयी जे मत रूढ झाले ते अपुरे आहे, असे प्रस्तुत लेखकास वाटते. ते अपुरेपण ध्यानात येण्यासाठी त्यांच्या मुद्रेपेक्षा त्यांच्या बोलण्याकडे अधिक लक्ष द्यावे लागेल.

अमरापूरकर अहमदनगरचे (आजचे अहिल्यानगर). त्यांची घडण मराठी रंगभूमीवर झाली. चित्रपटातील त्यांची आरंभीची भूमिका खलनायकाची नव्हती, ही गोष्ट सहसा विसरली जाते. रँडच्या वधावरील ‘२२ जून १८९७’ ह्या १९७९ च्या मराठी चित्रपटात ते लोकमान्य टिळक झाले होते. पुढे १९८८ मध्ये दूरदर्शनवर सुरू झालेल्या श्याम बेनेगल ह्यांच्या ‘भारत एक खोज’ ह्या ५३ भागांच्या मालिकेत त्यांनी महात्मा फुले साकारले. महाराष्ट्राच्या सार्वजनिक जीवनात परस्परविरोधी मानल्या गेलेल्या ह्या दोन पुरुषांना एकाच नटाचा कंठ लाभावा, हा योगायोग विचार करण्याजोगा आहे.

भाषाभ्यासकाला येथे एक प्रश्न दिसतो. फुल्यांचा आवाज कोणी मुद्रित केलेला नाही. नटाच्या हाती असते ते केवळ गद्य. ते गद्य मात्र बोलते आहे. ‘गुलामगिरी’ (१८७३) हा ग्रंथ तर जोतीराव व धोंडीबा ह्यांच्या संवादाच्या रूपानेच लिहिलेला आहे. ‘केसरी’तील टिळकांचे गद्य ह्याहून वेगळे, त्यात वकिली युक्तिवादाची शिस्त आहे. पुस्तकी वाक्याला श्वास कोठे द्यावा हे मराठी नट तालमीत शिकतो. परंतु मालिकेची भाषा हिंदी असल्याने फुल्यांचा ठसका परक्या वाक्यरचनेतून पोहोचवावयाचा होता. परभाषेत स्वभाषेचे वजन राखण्याचा हा उद्योग अमरापूरकरांना आयुष्यभर करावा लागला.

‘अर्धसत्य’ (१९८३) हा मूळ मराठी द्रव्याचाच हिंदी चित्रपट होता. कथा श्री. दा. पानवलकरांची, पटकथा विजय तेंडुलकरांची, दिग्दर्शन गोविंद निहलानींचे. रामा शेट्टीचे प्रसंग मोजकेच आहेत. तो आरडाओरड करीत नाही. सावकाश, जवळजवळ सौजन्याने बोलतो. आपल्या शब्दाला यंत्रणेत किंमत आहे हे ज्याला ठाऊक असते, त्याला आवाज चढविण्याचे कारण उरत नाही. फौजदार वेलणकराचा संताप (ओम पुरी) ह्या संथपणावर आदळून परत फिरतो, आणि चित्रपटाचे सारे राजकीय भाष्य ह्या दोन स्वरांतील अंतरात आहे. मारेगावच्या बाजारात वऱ्हाडी, कोलामी व गोंडी एकाच वेळी कानी पडतात. तेथील श्रोत्याला बोलण्याच्या लयीवरून माणसाची पत ओळखणे शिकवावे लागत नाही. रामा शेट्टी अशाच श्रोत्यासाठी घडविलेला आहे.

ह्या भूमिकेसाठी त्यांना सहाय्यक अभिनेत्याचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. नंतर व्यवसायाने त्यांच्याकडून तेच ते मागितले. ‘हुकूमत’ (१९८७) पासून खलनायकांची रांग लागली. त्यांपैकी पुष्कळांविषयी लिहिण्यासारखे फारसे नाही. ‘सडक’ (१९९१) मधील कुंटणखाना चालविणारी ‘महाराणी’ मात्र अपवाद. खलभूमिकेसाठी फिल्मफेअरने प्रथमच ठेवलेले पारितोषिक तिला मिळाले. तृतीयपंथी व्यक्तीचे असे भयकारी चित्रण आज सहजासहजी स्वीकारले जाणार नाही, आणि तो आक्षेप रास्त आहे. तरीही लाडिकपणातून क्षणात धमकीकडे वळणारा तो स्वर अभ्यासण्याजोगा आहे. ‘आँखें’ (१९९३) आणि ‘इश्क’ (१९९७) सारख्या चित्रपटांत हेच कौशल्य विनोदाकडे वळले.

२०१३ च्या ‘बॉम्बे टॉकीज’मधील दिबाकर बॅनर्जी ह्यांच्या कथेत ते पुन्हा रंगभूमीचे झाले. सत्यजित राय ह्यांच्या कथेवरून, मुंबईतील एका अपयशी नटाभोवती ती रचली आहे. त्याला क्षणभराची भूमिका मिळते, तेव्हा मरण पावलेला नाट्यगुरू त्याच्यापुढे प्रकटतो आणि त्याची कानउघाडणी करतो. तो गुरू अमरापूरकरांनी केला आहे. पुढच्या वर्षी, ३ नोव्हेंबर २०१४ रोजी, मुंबईत त्यांचे निधन झाले.